दस्तूर आणि दस्तुरखुद्द : ट्यूनिशियाच्या राज्यघटनेची कहाणी

मराठीत 'दस्तूर' हा शब्द फारसीतून आला आणि इतका रुळला की तो परका असल्याची आठवणही आपणांस उरली नाही. रीत, वहिवाट, चालत आलेला प्रघात असा त्याचा अर्थ. त्याचाच गोतावळा म्हणजे 'दस्तुरी', व्यवहारात मध्यस्थाने परंपरेने काढून घ्यावयाची रक्कम. आणि जुन्या कागदपत्रांत भेटणारा 'दस्तुरखुद्द', म्हणजे कारकुनाच्या नव्हे तर धन्याच्या स्वतःच्या हस्ताक्षरातील मजकूर. हाच शब्द फारसीतून अरबीतही गेला. तेथे मात्र त्याचे दैव निराळे उजळले. अरबी भाषेत आज दस्तूर म्हणजे राज्यघटना.

भूमध्य समुद्राच्या दक्षिण काठावर, अल्जीरिया आणि लिबिया या दोन विस्तीर्ण देशांच्या मध्ये ट्यूनिशिया हे लहानसे राष्ट्र वसले आहे. त्याच्या अर्वाचीन इतिहासात या एका शब्दाने जेवढी जागा व्यापली आहे तेवढी क्वचितच एखाद्या शब्दाने एखाद्या देशाच्या इतिहासात व्यापली असेल. अरब जगातील पहिली लिखित राज्यघटना याच देशात १८६१ साली अमलात आली. परकीय सत्तेविरुद्ध उभ्या राहिलेल्या पक्षाने आपले नावच 'दस्तूर' असे ठेवले. स्वातंत्र्यानंतर १९५९, २०१४ आणि २०२२ अशा तीन घटना या देशाने पाहिल्या. तेव्हा घटना लिहिण्याची विद्या ट्यूनिशियाच्या लोकांस अवगत नव्हती असे कोणी म्हणू शकणार नाही. वाण पडली ती निराळ्याच गोष्टीची. लिहिलेल्या कलमाचा अर्थ सत्ताधीशाला ऐकवील आणि तो त्यास ऐकावा लागेल, असे सत्ताधीशाच्या मुठीबाहेरचे पीठ त्या देशात कधी उभे राहिले नाही. आणि एकदा उभे राहण्याची संधी आली, तेव्हा ती ज्यांच्या हाती होती त्यांनीच दवडली. देवस्थानाच्या महाजनांची एखादी वादळी सभा ज्यांनी पाहिली आहे त्यांस हे समजावून सांगावयास नको. नियमावलीबद्दल तेथे सहसा वाद नसतो. वाद पेटतो तो नियमावलीचा अर्थ कोणी लावावयाचा यावर.

या कथेचा आरंभ एका गाडीवानापासून होतो. १८५७ च्या जून महिन्यात, म्हणजे इकडे उत्तर हिंदुस्थानात उठावाचा वणवा पेटला होता त्याच सुमारास, ट्यूनिस शहरात बात्तो स्फेझ नावाच्या एका यहुदी गाडीवानाचे रस्त्यात भांडण झाले आणि भांडणात त्याने इस्लाम धर्माची निंदा केली असा आरोप त्याच्यावर आला. धर्मशास्त्राप्रमाणे त्यास देहान्ताची शिक्षा सांगण्यात आली आणि ती तत्काळ अमलातही आली. ट्यूनिसचा अधिपती त्या वेळी नावापुरता तुर्की सुलतानाचा मांडलिक होता. त्यास 'बे' म्हणत. १७०५ पासून हुसैनी घराणे त्या गादीवर होते आणि मुहंमद बे हा तेव्हाचा अधिपती होता. फ्रान्स आणि इंग्लंड यांच्या वकिलांनी या शिक्षेचे निमित्त करून बेवर दडपण आणले. फ्रेंच आरमाराची तुकडी ला गुलेत बंदरासमोर येऊन उभी राहिली. अखेरीस १० सप्टेंबर १८५७ रोजी बार्दोच्या राजवाड्यात बेने एक जाहीरनामा वाचविला. त्याचे नाव 'अहद अल्-अमान'. आपल्या जुन्या भाषेत त्यास अभयाचा कौल म्हणता येईल. अकरा कलमांच्या या कौलात धर्मभेद न पाहता सर्व प्रजेच्या जीविताला व वित्ताला अभय दिलेले होते, कायद्यापुढे व करापुढे समानता मान्य केलेली होती.

एवढ्यावरच थांबल्यास हा प्रसंग मोठा उदात्त वाटेल. परंतु त्याच जाहीरनाम्यात व्यापार सर्वांस खुला करण्याचे आणि परकीयांस देशात स्थावर मालमत्ता घेऊ देण्याचेही वचन होते. गाडीवानाच्या रक्ताविषयी युरोपीय वकिलांस वाटलेला कळवळा खोटा होता असे म्हणण्याचे कारण नाही. तथापि त्या कळवळ्याच्या पाठोपाठ मालाच्या गाठीही येत होत्या, हे लक्षात घेतले नाही तर पुढील घटनांचा उलगडा होत नाही.

मुहंमद बे १८५९ साली वारला आणि त्याचा भाऊ मुहंमद अस्-सादिक गादीवर आला. कौलातील तत्त्वांवर राज्यघटना रचण्याचे काम त्याच्या कारकीर्दीत पुरे झाले. १८६० च्या सप्टेंबरात फ्रान्सचा बादशहा तिसरा नेपोलियन अल्जीर्स येथे आला असता बेने स्वतः तेथे जाऊन घटनेची प्रत त्यास नजर केली, आणि एप्रिल १८६१ मध्ये ती अमलात आली. प्रजेसमोर ठेवण्यापूर्वी घटना परक्या बादशहासमोर ठेवली गेली, या गोष्टीचा पुढे अनेकांनी उपहास केला आहे, आणि तो अगदीच अनाठायी नाही.

तरीही ११४ कलमांचा हा मजकूर आज वाचताना आश्चर्य वाटल्यावाचून राहत नाही. साठ सभासदांची एक 'मजलस अल्-अकबर', म्हणजे थोरली सभा, तिने निर्माण केली. तिच्या संमतीवाचून नवा कायदा नाही, नवा कर नाही. इतकेच नव्हे तर बेने स्वतः कायद्याचे उल्लंघन केल्यास तो या सभेस जबाबदार राहील, असे स्पष्ट शब्दांत लिहिले होते. शतकानुशतके ज्याच्या तोंडचा शब्द हाच कायदा होता त्या अधिपतीने हे मान्य करावे ही सामान्य गोष्ट नव्हे. परंतु सभेचे साठही सभासद बेच नेमणार होता! जो जबाब घेणार त्याची नेमणूक जबाब देणाराने करावयाची, ही या देशाच्या घटनेच्या कपाळी पहिल्याच दिवशी लिहिलेली रेघ पुढे दीडशे वर्षे पुसली गेली नाही.

थोरल्या सभेचे अध्यक्षपद खैरुद्दीन पाशाकडे आले. हा पुरुष विलक्षण होता. जन्माने चर्केस, लहानपणी इस्तंबूलच्या बाजारात गुलाम म्हणून विकला गेलेला, ट्यूनिसच्या दरबारात वाढलेला, आणि मुख्य प्रधान मुस्तफा खझनदार याचा जावई. पॅरिसमध्ये राहून त्याने युरोपातील राज्यकारभार डोळसपणे पाहिला होता. सभा आपल्या सासऱ्याच्या उधळपट्टीवर केवळ शिक्का उठविण्याचे काम करीत आहे हे ध्यानात येताच, १८६२ साली त्याने राजीनामा दिला. पुढे १८६७ मध्ये राष्ट्रांच्या उत्कर्षाची कारणे शोधणारा एक ग्रंथ त्याने प्रसिद्ध केला. युरोपाचे वैभव तेथील हवापाण्यात वा धर्मात नसून न्याय आणि स्वातंत्र्य यांवर उभारलेल्या संस्थांत आहे, हे त्यातील मुख्य प्रतिपादन. सभेच्या अध्यक्षपदाचा अनुभव घेतलेल्या माणसाने ते लिहिले आहे हे ध्यानात ठेवून तो ग्रंथ वाचावयास हवा.

इकडे खझनदाराने १८६३ साली पॅरिसच्या पेढीवाल्यांकडून साडेतीन कोटी फ्रँकांचे कर्ज काढले. त्या रकमेचा मोठा भाग दलालीत आणि दरबारी खिशांत गडप झाला. येथे मराठीतील दस्तुरीची आठवण होते. कर्ज फेडावयाचे कसे? 'मजबा' नावाचा डोईपट्टीचा कर होता. तो ३६ पियास्तरांवरून एकदम ७२ वर नेण्यात आला. १८६४ च्या वसंतात टोळ्यांच्या मुलखात वणवा पेटला. अली बेन घधाहेम याच्या नेतृत्वाखाली उठलेल्या या लोकांच्या मागण्या इतिहासाच्या विद्यार्थ्याने वारंवार आठवाव्यात अशा आहेत. वाढीव कर रद्द करा. दरबारातील परके सरदार दूर करा. आणि घटना रद्द करा!

प्रजेने आपणहून घटना नको म्हणावे हे ऐकून नवल वाटेल. परंतु डोंगरातील शेतकऱ्याच्या दृष्टीने पाहावे. पूर्वी तंटा झाला म्हणजे तो बेच्या दरबारी जाऊन उभा राही आणि त्याच बैठकीत निवाडा ऐकून परते. आता नव्या न्यायालयांत लेखी कागद, तारखा आणि खर्च. परकीय व्यापाऱ्यास मिळालेले हक्क त्यास डोळ्यांसमोर दिसत होते. स्वतःस मिळालेला हक्क म्हणजे दुप्पट झालेला कर. थोरल्या सभेत त्याच्या वतीने बोलणारा एकही मनुष्य नव्हता. घटनेचा लाभ ज्यास कधी पोहोचलाच नाही त्याने तिच्यासाठी अश्रू का ढाळावेत? बेने ही मागणी मात्र आनंदाने मान्य केली. घटना तहकूब झाली ती कायमची. उठाव मोडून काढण्यात आला, घधाहेम कैदेत १८६७ साली मरण पावला, आणि कर्ज होते तेथेच राहिले. १८६९ मध्ये सावकार राष्ट्रांचे मंडळ खजिन्यावर येऊन बसले. १२ मे १८८१ रोजी फ्रेंच फौजेच्या छायेत बेने बार्दोच्या तहावर सही केली.

पुढील पाऊणशे वर्षांचे वर्णन बडोदे, इंदूर वा ग्वाल्हेर येथील वाचकांसाठी विस्ताराने करण्याचे प्रयोजन नाही. गादीवर देशी राजा, शेजारच्या वाड्यात रेसिडेंट, आणि राजाच्या सहीने निघणारे रेसिडेंटचे हुकूम, ही व्यवस्था त्यांच्या पूर्वजांनी घरीच पाहिली आहे. १८८३ च्या ला मार्साच्या करारात तर, फ्रान्स सरकारास योग्य वाटतील त्या सुधारणा आपण करू, असे बेकडून लिहूनच घेतले होते.

या काळात तहकूब घटनेला एक दुसरा जन्म मिळाला. १९२० साली अब्दुल अझीझ थालबी व त्यांच्या सहकाऱ्यांनी राजकीय पक्ष स्थापन केला आणि त्यास दस्तूर हे नाव दिले. त्यांचे म्हणणे साधे आणि बिनतोड होते. तुम्ही आम्हांस सुधारणा शिकविण्यासाठी आलात म्हणता. तुम्ही येण्यापूर्वी वीस वर्षे आमच्याजवळ घटना होती. बेच्या इच्छेवर चाललेली आणि प्रजेने धिक्कारलेली ती जुनी घटना आता स्वाभिमानाची खूण झाली. इतिहासात असे घडते. आजोबांच्या हयातीत कोणी न वापरलेली तलवार नातवाच्या दिवाणखान्यात मानाने टांगली जाते. १९३४ साली हबीब बूर्गीबा या तरुण वकिलाने जुन्या मंडळींपासून फुटून क्सार हिलाल या गावी नव-दस्तूर पक्ष काढला आणि घटनेची मागणी शहरी मंडळींच्या बैठकीतून बाजारपेठांत व खेड्यांत नेली. ९ एप्रिल १९३८ रोजी ट्यूनिसच्या रस्त्यांवर लोक आपले स्वतःचे प्रतिनिधिगृह मागत होते, त्यांच्यावर गोळीबार झाला. तो दिवस तेथे हुतात्मा दिन म्हणून पाळला जातो. घटनेसाठी रक्त सांडलेले लोक आणि १८६४ मध्ये घटनेविरुद्ध शस्त्र उचललेले लोक एकाच मातीतील होते, हे विसरता कामा नये.

२० मार्च १९५६ रोजी स्वातंत्र्य आले आणि पाचच दिवसांनी घटना समितीची निवडणूक झाली. समितीच्या ९८ जागांपैकी एकही नव-दस्तूर आणि त्याच्या मित्रमंडळाबाहेर गेली नाही. ही समिती बोलाविण्याचा हुकूम अमीन बेने १९५५ च्या डिसेंबरात स्वतःच्या सहीने काढला होता. आपण मर्यादित सत्तेचे का होईना, राजे राहू, अशी त्याची समजूत असावी. २५ जुलै १९५७ रोजी त्याच समितीने राजपद नष्ट केले आणि बूर्गीबांस प्रजासत्ताकाचे अध्यक्ष केले. २५ जुलै ही तारीख वाचकांनी लक्षात ठेवावी. ती पुन्हा पुन्हा येणार आहे.

घटना पुरी व्हावयास आणखी दोन वर्षे लागली. तोपर्यंत बूर्गीबांनी राज्य केले आणि धाडसाने केले. १३ ऑगस्ट १९५६ च्या कौटुंबिक कायद्याने बहुपत्नीत्व बंद झाले आणि तलाक न्यायालयाच्या कक्षेत आला. अरब देशांत असे दुसरीकडे कोठे झाले नव्हते. परंतु हा कायदा कोणत्याही लोकनियुक्त सभेत चर्चिला गेला नव्हता, तो हुकूम म्हणून निघाला. उत्तम कायदा एका माणसाच्या लेखणीतून झरझर उतरतो असे दिसू लागले म्हणजे सभेची आणि न्यायालयाची अडचण वाटू लागते. बूर्गीबांच्या यशातच त्यांच्या घटनेचे दौर्बल्य दडलेले होते असे प्रस्तुत लेखकास वाटते.

१ जून १९५९ च्या घटनेतील पहिले कलम शब्दयोजनेचा एक नमुना आहे. ट्यूनिशिया हे स्वतंत्र व सार्वभौम राज्य आहे. त्याचा धर्म इस्लाम, त्याची भाषा अरबी आणि त्याची राज्यपद्धती प्रजासत्ताक, असा त्याचा आशय. यातील 'त्याचा' म्हणजे कोणाचा? राज्याचा की देशातील समाजाचा? धर्मनिष्ठांनी पहिला अर्थ घ्यावा, आधुनिकांनी दुसरा, आणि दोघांनीही समाधानाने घरी जावे, अशी ती रचना होती. पाच दशकांहून अधिक काळ तो शब्द दोन्ही बाजूंचे ओझे वाहत राहिला. घटनेत नागरिकांचे हक्क होते, मतदान होते, अध्यक्षाने लागोपाठ किती वेळा निवडून यावे यास मर्यादाही होती. नव्हते ते एवढेच : एखादा कायदा घटनेच्या विरुद्ध आहे असे सांगणारे न्यायालय. मर्यादेची वेळ जवळ आली तेव्हा, मार्च १९७५ मध्ये, राष्ट्रसभेने घटनेत दुरुस्ती केली आणि बूर्गीबा तहहयात अध्यक्ष झाले. सभेत विरोधी पक्ष नव्हता, आणि सभेबाहेर दाद मागण्यास जागा नव्हती.

न्यायालय असले म्हणजे सारे काही सुरक्षित राहते असेही नव्हे. त्याच वर्षी जूनमध्ये आपल्या देशात आणीबाणी आली आणि पुढच्या वर्षी, स्थानबद्धांस दाद मागण्याचा हक्क उरला नाही असा निर्णय आपल्या सर्वोच्च न्यायालयानेच बहुमताने दिला. परंतु न्या. खन्ना यांची भिन्न निकालपत्रिका त्याच दप्तरात नोंदली गेली आणि पुढे तिचाच विजय झाला. ट्यूनिशियात असे मत नोंदविण्यास दप्तरच नव्हते.

७ नोव्हेंबर १९८७ रोजी पंतप्रधान झीन अल्-आबिदीन बेन अली यांनी सात वैद्यांचे दाखले पुढे केले आणि वृद्ध अध्यक्ष कारभार चालविण्यास असमर्थ असल्याचे जाहीर केले. घटनेच्या ५७ व्या कलमानुसार अध्यक्षपद त्यांच्याकडे आले. रात्रीतून झालेल्या या उलथापालथीस कलमाचा आधार होता, एवढे मान्य केले पाहिजे. तहहयात अध्यक्षपद २५ जुलै १९८८ च्या दुरुस्तीने रद्द झाले, तीन कारकीर्दींची मर्यादा आली, लोक आनंदले. मग २००२ साली सार्वमत घेऊन ती मर्यादाही काढण्यात आली. अनुकूल मते ९९ टक्क्यांहून अधिक पडली असे सरकारने जाहीर केले. घटनेविषयी सल्ला देण्यासाठी एक मंडळ दरम्यान स्थापन झाले होते. त्याच्या सभासदांपैकी बहुतेकांची निवड अध्यक्षांच्या हाती होती. १८६१ ची रेघ!

१७ डिसेंबर २०१० रोजी सिदी बूझीद गावात मुहंमद बूअझीझी या फेरीवाल्याने, आपला माल व तराजू जप्त झाल्याच्या संतापात, स्वतःस पेटवून घेतले. त्यातून उसळलेल्या लोकक्षोभाने १४ जानेवारी २०११ रोजी बेन अली देश सोडून पळाले. त्या रात्री एक बारीक, पण घटनेच्या अभ्यासकास मोलाचा प्रसंग घडला. पंतप्रधानांनी दूरदर्शनवर येऊन आपण ५६ व्या कलमान्वये काम पाहत असल्याचे सांगितले. ५६ वे कलम तात्पुरत्या गैरहजेरीचे. त्याप्रमाणे बेन अली उद्या परत येऊ शकत होते. लोकांनी हा फरक तत्काळ ओळखला. दुसऱ्याच दिवशी घटना मंडळाने ५७ वे कलम लागू केले आणि सभापती फुआद मबझा हंगामी अध्यक्ष झाले. कलमाच्या एका आकड्यासाठी सामान्य जन जागा राहिला. जी घटना पन्नास वर्षे राज्यकर्त्यांच्या सोयीने वळविली जात होती तिचे वाचन एका रात्रीपुरते का होईना, लोकांनी केले.

जुन्या घटनेप्रमाणे साठ दिवसांत अध्यक्षाची निवडणूक व्हावयास हवी होती. परंतु पंतप्रधानांच्या कचेरीसमोरील कसबा चौकात ठाण मांडून बसलेल्या लोकांनी नवी घटना समितीच मागितली, आणि २३ ऑक्टोबर २०११ रोजी २१७ सभासदांची समिती निवडून आली. इस्लामी विचाराच्या 'अन्-नहदा' पक्षास ८९ जागा मिळाल्या. तो सर्वांत मोठा, तथापि बहुमतास अपुरा. एका परीने हे देशाचे भाग्यच ठरले, कारण कोणासही एकट्याने लेखणी हाती घेता आली नाही. धर्मशास्त्र हा कायद्याचा उगम मानावा ही मागणी अन्-नहदाने २०१२ च्या मार्चमध्ये सोडून दिली आणि बूर्गीबांचे ते द्व्यर्थी पहिले कलम जसेच्या तसे ठेवले. स्त्री ही पुरुषाची 'पूरक' असे शब्द मसुद्यात दिसताच १३ ऑगस्ट २०१२ रोजी हजारो स्त्रियांनी रस्त्यावर येऊन ते खोडावयास लावले. २०१३ साली शुक्री बलईद आणि मुहंमद ब्राहमी या दोन पुढाऱ्यांचे खून झाले. ब्राहमींचा खून २५ जुलैचा. त्यानंतर काही आठवडे देश यादवीच्या कड्यावर उभा होता. तेथून त्यास मागे आणले ते सैन्याने नव्हे. कामगार संघटना, उद्योजकांचा संघ, मानवी हक्कांचा संघ आणि वकिलांचे मंडळ या चौघांनी पक्षांस एका टेबलाभोवती बसविले. २०१५ चे शांततेचे नोबेल पारितोषिक या चौकडीस मिळाले, ते यथार्थ होते.

२६ जानेवारी २०१४ रोजी, म्हणजे आपल्या प्रजासत्ताकदिनीच, २०० विरुद्ध १२ मतांनी नवी घटना संमत झाली. चौघे तटस्थ राहिले. श्रद्धा आणि सदसद्विवेक यांचे स्वातंत्र्य तिने मान्य केले आणि एखाद्यास धर्मबाह्य ठरवून त्याच्यावर लोक चेतविण्यास बंदी केली. आणि तिच्या ११८ व्या कलमात, १८६१ पासून जे राहून गेले होते ते प्रथमच नीट लिहिले गेले. बारा सभासदांचे घटनान्यायालय. चौघे अध्यक्षाने नेमावयाचे, चौघे प्रतिनिधिगृहाने निवडावयाचे, चौघे न्यायाधीशांच्या सर्वोच्च मंडळाने. कोणा एकाच्या मुठीत न राहणारे पीठ. निवडणुकीनंतर एका वर्षात ते स्थापन व्हावे, अशी मुदतही घातली होती.

मुदत २०१५ मध्ये संपली. प्रतिनिधिगृहाने आपले चौघे दोनतृतीयांश मतांनी, म्हणजे १४५ मतांनी, निवडावयाचे होते. प्रत्येक पक्षास स्वतःचा माणूस हवा होता आणि दुसऱ्याचा नको होता. मतदानाच्या फेऱ्यांवर फेऱ्या झाल्या. २०१८ साली एका महिला न्यायाधीशांची निवड झाली. बाकीच्या तीन जागा रिकाम्याच राहिल्या. ज्या सभागृहाने जगाकडून वाहवा मिळविणाऱ्या घटनेची परंपरा चालवावयाची त्याने सहा वर्षांत तीन नावांवर एकमत करू नये, या कर्माला काय म्हणावे? हा हुकूमशहाचा अपराध नव्हता. लोकनियुक्त पक्षांचा होता. आणि त्यांत घटना घडविणारेही होते.

२०१९ साली अध्यक्षपदी निवडून आले ते कैस सईद. घटनाशास्त्राचे निवृत्त अध्यापक, कोणत्याही पक्षाचे नव्हेत, राहणी साधी, अरबी भाषा ग्रांथिक. दुसऱ्या फेरीत त्यांस ७२ टक्क्यांहून अधिक मते पडली. पक्षांच्या भांडणांस, बेकारीस आणि महागाईस कंटाळलेल्या लोकांस ते निःस्पृह पंतोजी वाटले. न्यायालयाच्या निवडीसाठी लागणारे बहुमत कमी करणारे विधेयक २०२१ च्या वसंतात त्यांच्यासमोर आले तेव्हा त्यांनी सही करण्याचे नाकारले. कारण काय, तर घटनेने दिलेली मुदत उलटून गेली आहे! कलमाच्या अक्षराला चिकटून राहणाऱ्या पंडितास शोभेल असेच उत्तर. मात्र त्याच पंडिताने २५ जुलै २०२१ च्या रात्री ८० व्या कलमाचा आधार घेऊन पंतप्रधानांस दूर केले आणि प्रतिनिधिगृह स्थगित केले, तेव्हा अक्षराची चाड उरली नाही. ते कलम सांगत होते की संकटकाळात प्रतिनिधिगृह अखंड बैठकीत राहील. ते विसर्जित करता येणार नाही. आणि तीस दिवसांनंतर संकट अजून आहे की नाही याचा निर्णय घटनान्यायालयाकडे मागता येईल. सभागृहाच्या दारापाशी रणगाडा उभा राहिला. निर्णय मागावयाचा तर ते न्यायालय कोठे होते? ते नव्हतेच. सहा वर्षे रिकाम्या ठेवलेल्या खुर्च्यांतून वाट काढून सत्ता आत शिरली, आणि त्या रात्री ट्यूनिसच्या रस्त्यांवर पुष्कळ लोकांनी आनंदोत्सव केला. १८६४ मधील शेतकऱ्यांस समजून घेणारास हा आनंदही समजून घ्यावा लागेल.

पुढील वर्षभरात पावले झपाट्याने पडली. सप्टेंबर २०२१ च्या ११७ क्रमांकाच्या हुकुमाने कायदे करण्याचा अधिकार अध्यक्षांकडे आला. फेब्रुवारी २०२२ मध्ये न्यायाधीशांचे सर्वोच्च मंडळ बरखास्त झाले, मार्चअखेर प्रतिनिधिगृह विसर्जित झाले, आणि १ जून रोजी ५७ न्यायाधीश एका हुकुमाने घरी पाठविले गेले. नव्या घटनेचा मसुदा करण्याचे काम सादिक बलईद या वयोवृद्ध घटनापंडितांकडे सोपविले होते. त्यांनी तो जूनमध्ये सादर केला. ३० जूनला राजपत्रात जो प्रसिद्ध झाला तो वाचून ते थक्क झाले आणि, आमच्या मंडळाने दिलेला मजकूर हा नव्हे, असे त्यांनी वृत्तपत्रातून जाहीर केले. अध्यक्षांनी मसुदा आपल्या हाताने बदलला होता. मराठीने 'दस्तूर' या शब्दास जोडलेली पुस्ती येथे अक्षरशः खरी ठरली : दस्तुरखुद्द!

२५ जुलै २०२२ रोजी सार्वमत झाले. मतदानास सुमारे ३० टक्के लोक आले, आणि आलेल्यांपैकी ९४ टक्क्यांहून अधिकांनी होकार दिला. किमान किती मतदान व्हावे याची अटच नव्हती. पहिल्या कलमातील 'त्याचा धर्म इस्लाम' हे शब्द गेले; त्याऐवजी, राष्ट्र हे इस्लामी समाजाचा भाग असून इस्लामची उद्दिष्टे साध्य करण्यासाठी झटणे हे एकट्या राज्याचे कर्तव्य आहे, असे पाचव्या कलमात आले. म्हणजे बूर्गीबांनी दोन अर्थांत विभागून ठेवलेले ओझे एकाच खांद्यावर आले, आणि तो खांदा राज्यकर्त्याचा. घटनान्यायालय नव्या घटनेतही आहे. बारांऐवजी नऊ सभासद, सर्व ज्येष्ठ न्यायाधीशांतून, आणि त्यांची नेमणूक अध्यक्षांच्या हुकुमाने.

२०२४ मध्ये अध्यक्षपदाच्या निवडणुकीपूर्वी एक शेवटची धडपड झाली. निवडणूक मंडळाने नाकारलेल्या तीन उमेदवारांस यादीत घ्यावे असा आदेश प्रशासकीय न्यायालयाने दिला. बूर्गीबांच्या काळात सरकारी कारभाराविषयीच्या तंट्यांसाठी काढलेले हे न्यायालय. घटनेचा अर्थ लावणे हे त्याचे मूळ कामही नव्हे. तरी त्याने आपला निर्णय निर्भीडपणे लिहिला. मंडळाने तो मानला नाही. २७ सप्टेंबर रोजी नव्या प्रतिनिधिगृहाने कायदा दुरुस्त करून निवडणुकीचे तंटे त्या न्यायालयाच्या कक्षेतूनच काढून टाकले. ६ ऑक्टोबर रोजी मतदान झाले. तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी मतदार आले आणि सईद ९० टक्क्यांहून अधिक मतांनी निवडून आले. नव्या घटनेने सांगितलेल्या नऊ न्यायाधीशांच्या खुर्च्या त्या दिवशीही रिकाम्याच होत्या.